आईच्या लग्नाची साक्षीदार

माझ्या आईने मोठ्या काकांच्या थोबाडीत मारली. भर हॉलमध्ये, सगळ्या नातेवाइकांसमोर, उजव्या हाताने, डाव्या गालावर. असं काही झालेलं नाही. त्या दिवशी कार्यक्रम ठरल्या वेळेला सुरू झाला, ठरल्या वेळेला संपला, जेवण चांगलं होतं, आणि काकांचा गाल लाल दिसत होता तो उकाड्यामुळे. हॉलमध्ये एसी होता हा तपशील कोणी काढत नाही, तेव्हा मीही काढणार नाही. आमच्या घराण्यात एखादी गोष्ट झालेली नाही असं ठरलं की ती झालेली नसते. आणि जी झालेली नाही ती झाली असं ठरलं, तर तिची नोंद मिळते, खरी प्रत मिळते, वर शिक्काही मिळतो. ही कला आमच्याकडे पिढीजात आहे. म्हणून मी थपडेपासून सुरुवात करत नाही. सुरुवात करतो नोंदणी कार्यालयातल्या एका स्टुलापासून, ज्याचा एक पाय आखूड होता आणि ज्यावर डुगडुगत बसून मी आईबाबांचं लग्न पहिल्यांदा पाहिलं.

काकांनीच मला तिथे पाठवलं होतं. मोठे काका म्हणजे बाबांचे थोरले भाऊ, निवृत्त मोजणी अधिकारी. आयुष्यभर लोकांच्या जागा मोजल्या, कोणाची भिंत कोणाच्या अंगणात किती घुसलीय ते सांगितलं, दोन्हीकडून शिव्या खाल्ल्या आणि निवृत्त झाले. घरी बसल्यावर मोजायला काही उरलं नाही, तेव्हा त्यांनी घराणं मोजायला काढलं. पलंगपोसाएवढ्या कापडावर वंशवृक्ष. पुरुष म्हणजे चौकोन. लेकी म्हणजे गोल, आणि गोलाच्या पुढे रेघ नाही, तिथे घराणं संपतं. बाहेरून आलेल्या बायका म्हणजे अर्धगोल, नवऱ्याच्या चौकोनाला कपाच्या कानासारखे चिकटवलेले. प्रत्येक रेघेला क्रमांक, प्रत्येक क्रमांकाला कपाटात एक कागद, आणि काकांचं एकच वाक्य, की पुराव्याशिवाय मी रेघ ओढणार नाही. हे वाक्य ते जेवताना म्हणत, फोनवर म्हणत, काकू मीठ मागत असली तरी म्हणत. बाबा जाऊन बरीच वर्षं झाली, त्यामुळे काका आमचे वडीलधारे, म्हणजे कोणी निवडून न दिलेले अध्यक्ष. मी घरगुती उपकरणांची माहितीपत्रकं लिहितो. मिक्सर, इस्त्री, पाणी तापवायचा रॉड यांच्या खोक्यात जो कागद असतो आणि जो कोणी वाचत नाही, तो माझा असतो. उपकरण चालू असताना आत हात घालू नये. ओल्या हाताने बटण दाबू नये. काकांच्या मते हे काम नव्हे, म्हणून घराण्यातल्या तमाम लग्नांचे उतारे आणायच्या खेपा माझ्याकडे. पणजोबांचं मिळालं, आजोबांचं मिळालं, आणि मग सहजच, किराणा आणताना काडेपेटीही आणावी तसं, आईबाबांचं काढायला मी गेलो.

तिथली खोली लांबट, एका बाजूला उंच खिडक्या, पंखा असा फिरत होता की जणू त्याच्याही बदलीची ऑर्डर आली आहे. खिडकीवरच्या कारकुनाने मला नात्याने कोण असं विचारलं. मी म्हटलं, मुलगा. त्याने विचारलं, कोणाचा. मी म्हटलं, दोघांचा. तो म्हणाला, तसं सगळेच म्हणतात, आणि जाडजूड पुस्तक माझ्यापुढे आपटून परत आपल्या मोबाईलमध्ये शिरला. पान सापडलं. बाबांची सही ओळखीची, नेहमीसारखी घाईची, बस चुकेल अशी. शेजारी वधूची सही. गोल, ठसठशीत, ओळीवर नीट बसलेली. मी तिच्याकडे बघत राहिलो आणि मला काहीच वाटेना. स्वतःच्या आईची सही बघून काहीच वाटू नये याचं मात्र वाटायला लागलं. मग नजर खाली घसरली, साक्षीदारांच्या रकान्यात, आणि तिथे होतं माझ्या आईचं अक्षर. शेवटच्या अक्षराची रेघ मागे वळवून अख्ख्या नावाखालून शेपटीसारखी ओढलेली. जगात ही शेपटी एकच बाई काढते. आई एका लाँड्रीत गिऱ्हाइकांच्या कपड्यांवर आतल्या बाजूने शाईने खुणा घालते, कोणाचा शर्ट कोणाला जाऊ नये म्हणून. (यावर मी काही बोलणार नाही.) हजारो कॉलरींच्या आत ती शेपटी आहे. माझ्या शाळेच्या शर्टांत होती. नाव मात्र आईचं नव्हतं. ते मावशीचं होतं, आईच्या धाकट्या बहिणीचं, जी स्वतःचं लग्न व्हायच्या आधीच आमच्या घरी तापाने गेली असं मला लहानपणापासून सांगितलं गेलं होतं. मी स्टुलावर डुगडुगलो. म्हणजे वधू कोणी तिसरीच, आणि माझी आई माझ्या आईच्या लग्नाला साक्षीदार.

उतारा घेऊन बाहेर पडलो तेव्हा समोरचा रस्ता खणत होते. एक माणूस खड्ड्यात उभा राहून दुसऱ्या माणसाला पाइप दाखवत होता आणि दुसरा म्हणत होता, हा नकाशात नाहीये. पहिला म्हणत होता, अहो पण पाणी येतंय त्यातून. मी तिथे बराच वेळ थांबलो असणार, कारण दोघांनीही माझ्याकडे अशा नजरेने पाहिलं की जणू मी पाहणी करायला कार्यालयातून आलेलो आहे. डोक्यात मात्र एकेक गोष्ट येऊन बसत होती, उशिरा आलेले पाहुणे खुर्च्या ओढतात तशी. मामा आईला धाकटी म्हणतो. धाकटी, पाणी दे. धाकटी, ऐक. मावशी धाकटी होती ना, मग आई कोणापेक्षा धाकटी, हे मी कधी विचारलं नाही, कारण आपल्या घरातल्या हाका आपण ऐकत नाही, फक्त त्यांना ओ देतो. आई लग्नाचे किस्से सांगते तेव्हा म्हणते, तुझ्या बाबांच्या लग्नात माझी चप्पल हरवली. तुझ्या बाबांच्या लग्नात फोटोवाल्याने मला दोनदा बाजूला केलं. नवरीला कोण बाजूला करतं? मला वाटायचं, जुन्या वळणाची आहे, लाजते. घरात लग्नाचा एकही फोटो नाही, ओलीने गेले म्हणतात. आणि माझं शाळेचं प्रगतिपुस्तक. बाबा रात्रपाळीला असले की आई सही करायची, पण आधी वर्तमानपत्राच्या कोऱ्या कडेवर चार-पाच वेळा सराव करून. जी बाई मला बीजगणित शिकवायची, तिला स्वतःचं नाव लिहायला सराव लागायचा, आणि मला वाटायचं, शाईचं पेन जड जात असेल.  मला राग आलाय हे बसमध्ये कळलं, जेव्हा कंडक्टरने सुट्टे मागितले आणि मी त्याला म्हणालो, पुरावा आहे का.

घरी आई लाँड्रीतून आणलेल्या गठ्ठ्यातले शर्ट उलटे करत बसली होती. मी उतारा तिच्यापुढे धरला. मी बसमध्ये मोठं भाषण तयार केलं होतं. तिने कागद घेतला, चष्मा कपाळावरून खाली घेतला, साक्षीदारांच्या रकान्यापर्यंत आली आणि म्हणाली, "सापडलं होय. मला वाटलं उंदरांनी खाल्लं असेल." मग शर्ट बाजूला ठेवले आणि सांगायला लागली, एखाद्या दुसऱ्याच घरातलं सांगावं तसं, मध्येच गॅस बघून येत. ताईचं लग्न झालं. ताई म्हणजे तिची थोरली बहीण, ती गोल सही. बाबा कारखान्यात होते, राहायला क्वार्टर मिळणार होतं, फक्त लग्न झालेल्यांना, आणि क्वार्टरवर दर महिन्याला नवराबायको दोघांची हजेरी तपासायला माणूस यायचा. दीड वर्षात ताई आजारी पडली, शुश्रूषेला म्हणून धाकटीला, म्हणजे आईला, बोलावून घेतलं, आणि क्वार्टरची चावी मिळायच्या आठवड्यातच ताई गेली. बाबा कोपऱ्यात बसून होते. मृत्यू नोंदवायला मोठे काका गेले. इथे आईने एका शर्टाची बाही सरळ केली, परत उलटी केली.

"भावोजी दुपारी परत आले. मी पोळ्या लाटत होते. म्हणाले, झालं काम. मी म्हटलं, कसलं. म्हणाले, तुझं नाव लिहिलंय. आणि हात धुवायला गेले." ती म्हणाली, "मी पोळ्या लाटत होते रे, आणि मेले होते."

मग पुढचं सगळं त्या कागदाप्रमाणे झालं. नवराबायकोपैकी बायको कागदावर जिवंत होती, तेव्हा घरात एक बायको हवी होती. धाकटी कागदावर गेली होती, तेव्हा तिला माघारी कुठे पाठवणार? तिच्या वडिलांनाही ते गैरसोयीचं वाटलं नाही, एकाच लग्नाच्या खर्चात दोन मुली उजवल्या. दुसरं लग्न नोंदवायचा प्रश्नच नव्हता, नोंद आधीच झालेली होती, फक्त बाई बदलली. जणू मिक्सरचं भांडं. पुढे बाबा बरे वागले, ते मुळात चांगले होते, असं आई म्हणाली, आणि मी आल्यावर तर फार बरं झालं. मला तेव्हा कळलं की मी आईबाबांचा मुलगा आहे हे अर्धवट खरं आहे. मी एका क्वार्टरच्या नियमाचा मुलगा आहे. आईबाबा एकमेकांना आवडले नव्हते, दाखवले गेले नव्हते, ठरवलेही गेले नव्हते. एका माणसाने खिडकीवर एक नाव लिहिलं आणि त्या नावाच्या रिकाम्या जागेत दोन माणसं ढकलली, आणि त्या ढकलाढकलीतून मी निघालो, माहितीपत्रकं लिहायला.

आमच्या घरात हे लपलं कसं, तर लपलंच नव्हतं. मी मामाला फोन केला तेव्हा तो म्हणाला, तुला माहीत नव्हतं? असं म्हणाला की जणू मला पाणी किती वाजता येतं तेच माहीत नव्हतं. काकूला माहीत होतं. आत्याला माहीत होतं. आत्याच्या सुनेला, जी परवाची, तिलासुद्धा माहीत होतं. कोणाला खोटं बोलावंच लागलं नाही, कारण बाईला नावाने हाक मारायची वेळच आमच्याकडे येत नाही. आई, काकू, मामी, वहिनी, अगं, ऐकलं का. या हाकांच्या खाली कोणतीही बाई ठेवा, चालते. काकांनी तर त्या दुपारनंतर आईशी थेट बोलणंच ठेवलं नव्हतं, इतकी वर्षं त्यांचं सगळं काकूमार्फत किंवा माझ्यामार्फत. हिला सांगा चहा नको. तुझ्या आईला म्हणावं पावती जपून ठेव. मला वाटायचं, मर्यादा. ती चोराची सवय होती, ज्या घरात चोरी केली त्या घरावरून जाताना मान खाली घालायची. रात्री मी पंख्याकडे बघत पडायचो आणि दातांवर दात घासले जायचे. आई शेजारच्या खोलीत घोरायची, शांत, एका तालात, आणि मला तिच्या घोरण्याचाही राग यायचा, की हे घोरणं कोणाच्या खात्यावर जमा होतंय.

काकांच्या खोलीत गेलो तेव्हा ते कापडावर वाकून माझ्या चौकोनाला शाई भरत होते. मी उतारा ठेवला आणि खालच्या रकान्यावर बोट ठेवलं. त्यांनी भिंगातून पाहिलं. मला त्यांचा चेहरा पडलेला हवा होता. तो पडला नाही, फक्त त्यावर कंटाळा आला, पेन्सिलीचं टोक मोडल्यासारखा. इतक्या उताऱ्यांत त्यांनी तो रकाना कधी वाचलाच नव्हता, कारण साक्षीदारांना वंशवृक्षात जागा नसते. मी विचारलं, का. ते म्हणाले, क्वार्टर गेलं असतं. मी विचारलं, पण का तिचं नाव. ते म्हणाले की त्यांनी काही ठरवून केलं नव्हतं. खिडकीवरच्या माणसाने मयताचं नाव विचारलं, त्यांनी विचार करायला एक क्षण मागितला, त्याने दिला नाही.

"मागे रांग होती," काका म्हणाले. "तुला त्या वेळच्या रांगा माहीत नाहीत."

मी म्हणालो की आता रांग नाही, आता आईचं नाव लावा, बाबांच्या चौकोनाला, अर्धगोलात, तिचं स्वतःचं. त्यांनी मला समजावलं. फार शांतपणे समजावलं, लोकांच्या भिंती पाडताना समजावत असतील तसं. एक, तिच्या लग्नाचा पुरावा नाही. दोन, तिच्या मृत्यूचा आहे. तीन, तिची पेन्शन थोरलीच्या नावाने येते, ती तुला बंद करायची आहे का? आणि चार, म्हणत त्यांनी पट्टीने माझा चौकोन दाखवला, ती तुझ्या जन्माच्या आधी वारली आहे, मग तू कुठे लोंबकळणार? मी म्हटलं, मला लोंबकळू द्या. ते म्हणाले, तसं चिन्ह नाही. मग मी ओरडलो. काय ओरडलो ते सांगण्यासारखं नाही, पण त्यात मोजणी खात्याचा, कापडाचा आणि त्यांच्या चष्म्याचा उल्लेख होता. काकू दारात येऊन उभी राहिली. काकांनी शाईची बाटली बंद केली आणि म्हणाले, बघतो. काहीतरी सोय करतो तिची. कापडावर नाव येईल, झालं?

मी ते घेऊन घरी आलो, बक्षीस घेऊन यावं तसं. आईला सांगितलं की तुझं नाव येतंय. तिला आनंद होईल असं मला वाटलं होतं. तिने विचारलं, "आणि ताईचं?" मी म्हटलं, तिचं काय? ती म्हणाली, तिला मरू द्यायला सांग ना त्यांना. बिचारी मेली त्या दिवसापासून राबतेय. मतदानाला जाते. लस टोचून घेतली तिने. मागच्या वर्षी मोतीबिंदूचं ऑपरेशनसुद्धा तिचंच झालं, डोळा माझा होता म्हणून काय झालं? तिला एक तारीख हवी, खरी. आणि मला माझं नाव. एवढंच. हे एवढंच तिने इतक्या वर्षांत कधी मागितलं नव्हतं, आणि आता मागितलं म्हटल्यावर तिच्यात काहीतरी सैल झालं. कापड केवढं आहे, अक्षर केवढं असेल, लांबून वाचता येईल का, असं विचारायला लागली. वंशवृक्षाच्या अनावरणाचा कार्यक्रम ठरला होता, त्याच्या आदल्या आठवड्यात मी तिला वर्तमानपत्राच्या कडेवर काहीतरी लिहिताना पाहिलं. तिचं जुनं नाव, शेपटीसकट. सराव चालला होता. मी चहा न घेताच बाहेर पडलो, कारण मला काहीतरी फोडायचं होतं आणि घरात फक्त आमच्याच वस्तू होत्या.

ऑफिसात तेव्हा माझ्याकडे एका इस्त्रीचं काम होतं. मी लिहिलं, उपकरण गरम असताना स्पर्श करू नये. मग लिहिलं, उपकरण दुसऱ्याच्या नावावर वापरू नये. उपकरण बंद पडल्यास शेजारचं उपकरण बंद पडल्याचं कळवू नये. साहेबांनी कागद परत पाठवला, लाल पेन्सिलीने विचारलं होतं की हे कायद्याने बंधनकारक आहे का. मी खाली लिहिलं, दुर्दैवाने नाही. त्यांनी मला केबिनमध्ये बोलावून घरी सगळं ठीक ना असं विचारलं. मी म्हटलं, आई वारली. त्यांनी खुर्चीतून उठून माझा हात धरला, कधी, असं विचारलं. मी म्हटलं, माझ्या जन्माच्या दोन वर्षं आधी. त्यांनी हात सोडला, पण हळूच, आणि मला उरलेला दिवस सुट्टी दिली.

हॉल एका इमारतीच्या दुसऱ्या मजल्यावर होता. प्लास्टिकच्या खुर्च्यांना पांढरी कापडं घातली होती, त्यांतली काही उलटी. आई पहिल्या रांगेत बसली, मांडीवर पर्स, चष्मा पुसून घातलेला. मी तिच्या शेजारी. काकांनी दोरी ओढली, पडदा अर्ध्यात अडकला, आत्याच्या मुलाने खुर्चीवर चढून उरलेला काढला, टाळ्या झाल्या. झाड मोठं होतं आणि खरोखर सुंदर होतं, हे मला मान्य करावं लागतं आणि त्याचा मला अजून राग येतो. मी बाबांचा चौकोन शोधला. त्याला चिकटलेला अर्धगोल. त्यात थोरलीचं नाव, जन्मतारीख, आणि पुढे हयात असल्याची मोकळी रेघ. त्याखाली मी, शाई नीट भरलेला. आईची नजर माझ्याही आधी तिथे पोहोचून परत फिरली होती आणि आता ती कापड वरून खाली, डावीकडून उजवीकडे शोधत होती, शर्टांच्या गठ्ठ्यात चुकलेला शर्ट शोधावा तशी. मग तिची मान एका जागी थांबली. कापडाच्या तळाला, डाव्या कोपऱ्यात, काळ्या चौकटीत मथळा होता, घरात निधन पावलेले आप्त. त्याखाली एकच नाव. आईचं. पुढे वय वीस आणि मृत्यूची तारीख.

काका माईकवर होते. प्रत्येक रेघेला पुरावा आहे, हे सांगून झालं होतं. ते म्हणाले की या झाडाला सावली देणारी सगळीच माणसं झाडावर नसतात, काही दुर्दैवी जीव आपल्या दारात येतात, सेवा करतात आणि अकाली जातात, त्यांचंही स्मरण आपण ठेवलं पाहिजे. त्यांनी माझ्याकडे पाहून मान हलवली. दिलेला शब्द पाळणाऱ्या माणसाची मान. त्यांना खरंच वाटत होतं की त्यांनी सोय केली. मग ते म्हणाले की या आप्ताच्या स्मृतीस अभिवादन म्हणून आपण सर्वांनी एक मिनिट उभं राहून मौन पाळू या.

खुर्च्या सरकल्या. सगळे उभे राहिले. मामा उभा राहिला, काकू उभी राहिली, आत्या, आत्याची सून, सगळे ज्यांना माहीत होतं ते माना खाली घालून उभे राहिले. आईही उभी राहिली. माझ्या शेजारी, हात पुढे जोडलेले, स्वतःसाठी मौन पाळत. मला ओरडायचं होतं. इतक्या लोकांनी एकत्र गप्प बसण्याचा इतका दाट आवाज होता त्या हॉलमध्ये की त्यात माझा आवाज बुडाला असता. आईने पर्स माझ्या हातात दिली. मला वाटलं, तिला चक्कर येतेय. ती पुढे गेली, स्टेजच्या तीन पायऱ्या कठड्याला धरून चढली, गुडघे दुखतात तिचे, काकांसमोर उभी राहिली, चष्मा नीट केला, आणि मारली.

माईक चालू होता. मागच्या भिंतीवरच्या स्पीकरमधून ती थप्पड परत एकदा आली. आणि कोणी हललं नाही. कोणाच्या तोंडून अगंबाईसुद्धा निघालं नाही, कारण मिनिट संपायचं होतं. काका गालावर हात ठेवून मनगटावरचं घड्याळ बघत उभे राहिले, आई त्यांच्यासमोर उभी राहिली, दोघं तशीच, आणि सबंध घराण्याने उरलेलं मौन शिस्तीत पूर्ण केलं. मग काका म्हणाले, धन्यवाद, बसा. खुर्च्या सरकल्या. आणि आई त्यांच्याशी त्या पोळ्यांच्या दुपारनंतर पहिल्यांदा थेट बोलली, हळू, पण माईक मध्येच होता.

"आज मागे रांग नव्हती, भावोजी."

पुढचं तुम्हाला माहीत आहे, असं काही झालेलं नाही. काकूने बर्फ आणला, उकाडा फार आहे म्हणाली. आत्याने जेवणाची पानं मांडायला सांगितली. मामा मला बाजूला घेऊन म्हणाला की म्हातारपणी माणसाचा तोल जातो, कुठेतरी हात लागतो. कापड तिथेच राहिलं, काळ्या चौकटीसकट. आता ते काकांच्या बैठकीत लावलंय, काचेत. मी गेल्या महिन्यात नोंदणी कार्यालयात दोन अर्ज दिले, एक आईचा मृत्यू रद्द करायचा आणि एक मावशीचा मंजूर करायचा. कारकुनाने दोन्ही वाचले आणि सांगितलं की पहिल्या अर्जावर मयताची स्वतःची सही लागेल, आणि मयताची सही चालत नाही.

त्या दिवशी आम्ही जेवलो नाही. बसने घरी आलो. आई खिडकीशी बसून उजवा तळहात बघत होती, तो लाल झाला होता. दुखतोय का, विचारलं. ती म्हणाली, दुखतोय, आणि बोटं मिटून घेतली, कोणी घेऊन जाईल अशी. मला वाटलं, आता ती रडेल. बराच वेळ बस एका सिग्नलला उभी होती, समोर एका दवाखान्याची पाटी होती, आणि पाटीकडे बघत ती म्हणाली की ताईकडे यायच्या आधी तिने परिचारिकेच्या प्रशिक्षणाला अर्ज केला होता. निवड झाली होती. पुढच्या महिन्यात रुजू व्हायचं होतं. पांढरे बूट घ्यावे लागतील म्हणून वडील कुरकुरत होते. हे तिने मला कधी सांगितलं नव्हतं, बाबांनाही सांगितलं नव्हतं. मग म्हणाली, "मी येत नाही, असं त्यांना कळवायचं राहूनच गेलं. त्यांनी जागा ठेवली असेल का रे किती दिवस?" मी म्हटलं, ठेवली असेल. ती म्हणाली, तू तर दिवसभर असले कागद लिहितोस. एक लिहून टाक. ती हसत होती. मी हसत नव्हतो. खालील कागद मी त्याच रात्री लिहिला, तिने सही केली, आणि यावेळी तिला सराव करावा लागला नाही.

मा. प्रमुख, परिचारिका प्रशिक्षण केंद्र, यांस. विषय : रुजू होण्यास मुदतवाढ मिळणेबाबत. महोदय, उपरोक्त विषयान्वये सविनय कळवण्यात येते की, निम्नस्वाक्षरीकर्तीची आपल्या केंद्रात निवड झालेली असून ती विहित मुदतीत रुजू होऊ शकली नाही, याबद्दल ती दिलगीर आहे. विलंबाचे कारण : दरम्यानच्या काळात झालेला मृत्यू. सदर मृत्यू उमेदवाराच्या गैरहजेरीत व तिच्या संमतीवाचून नोंदवण्यात आला असल्याने त्याचा कालावधी वयोमर्यादेतून वगळण्यात यावा. उमेदवारास रुग्णशुश्रूषेचा, स्वयंपाकाचा व दुसऱ्याच्या नावावर जगण्याचा पुरेसा अनुभव आहे. डाव्या डोळ्याचे ऑपरेशन झाले आहे, दृष्टी उत्तम आहे. उजवा हात किंचित दुखावलेला आहे, तो आठवडाभरात बरा होईल. तरी तिची जागा अद्याप भरली नसल्यास ती राखून ठेवावी व रुजू होण्याची तारीख तिच्या स्वतःच्या नावाने, याच पत्त्यावर, कळवावी, ही विनंती. बूट घेतले आहेत.